टॉवेल-टोपीच्या जागी काय? नवरदेवाच्या मित्रांना द्यायच्या भेटीविषयी

 

तुळशीचं लग्न लागलं की आपल्याकडं लग्नसराईला तोंड फुटतं. मग बस्ता, रुखवत, मानपान, आचारी, मंडप यांच्यावर घरोघरी बोलणं होतं. आपणही या कार्यक्रमात त्यावर बरंच बोललोय. पण एका गोष्टीवर आपण कधीच बोललो नाही. ती म्हणजे नवरदेवाचे मित्र. चार-पाच दिवस घरात राबणारी, पंगतीत वाढणारी, रात्री जनरेटरपाशी जागणारी ही पोरं. त्यांना आपण काय देतो, आणि काय दिलं पाहिजे, हा आजचा विषय.

हा विषय आम्हाला सुचला तो आमच्याच गटातल्या एका मैत्रिणीमुळं. तिच्या परवानगीनं, नाव न घेता सांगतो.

मार्गशीर्षात तिच्या थोरल्या मुलाचं लग्न झालं. मुलाचे सात जिवाभावाचे मित्र, पहिलीपासूनचे. हल्ली मोबाईलवर बघून पोरांच्या मनात येतं, तसं यांच्याही आलं. सगळ्यांनी एकसारखं दिसायचं. एकाच रंगाचा कुर्ता, त्यावर जाकीट, डोक्याला फेटा. माणशी २८०० रुपये, आणि ते ज्याचे त्यानं भरायचे. सहा जणांनी भरले. सातवा काहीच बोलला नाही. त्यानं दोन दिवस आधी येऊन चुलवण खणलं, पाण्याचा टँकर सांगितला, रानातून सरपण आणून टाकलं. हळदीच्या दिवशी सकाळी मैत्रिणीला म्हणाला, "काकू, टेम्पोला भाडं लागलंय, जाऊन येतो." तो गेला, तो लग्नाला आलाच नाही.

नवरदेव रुसला. "ऐन वेळी भाडं मोठं झालं त्याला," असं म्हणून त्यानं फोन करायचं सोडलं. तीन आठवड्यांनी आमच्या मैत्रिणीला त्या पोराची आई गिरणीत भेटली. ती एवढंच म्हणाली, "भाडं-बिडं काय न्हवतं हो. घालायला तसली कापडं न्हवती. बापाच्या दवाखान्यात होतं तेवढं गेलं. सगळ्यांच्यात एकटाच येगळा दिसायचा, म्हनून आला न्हाई."

आमची मैत्रीण गटाच्या बैठकीत हे सांगताना रडली. म्हणाली, "ज्यानं माझी चूल खणली, त्याच्या ताटात माझ्या घरचा घास पडला नाही." त्या दिवशी आम्ही हप्त्याचा हिशेब बाजूला ठेवून याच गोष्टीवर बोलत बसलो. त्या बोलण्यातून जे निघालं, ते आज तुमच्यापुढं ठेवतोय.

पहिल्यांदा हे एकसारख्या कपड्यांचं कुठून आलं ते बघू. इंग्लंड-अमेरिकेकडच्या ख्रिस्ती लग्नांत नवरदेवाच्या बाजूला त्याचे काही मित्र किंवा भाऊ उभे राहतात. त्यांना ग्रूम्समन म्हणतात. त्यांतला मुख्य तो बेस्ट मॅन. तो अंगठ्या सांभाळतो, जेवणाच्या वेळी दोन शब्द बोलतो. हे मित्र एकसारखे कपडे घालतात आणि लग्नाच्या सुमारास नवरदेव त्यांना आठवण म्हणून भेट देतो. आपल्याकडं गोव्यात, वसईत ख्रिस्ती लग्नांत बेस्ट मॅन असतोच. आता फोटोवाल्यांमुळं आणि मोबाईलमुळं ही रीत आपल्या मांडवातही आली. पण येताना अर्धीच आली. एकसारखे कपडे आले, भेट मागंच राहिली.

आपल्या रीतीत नवरदेवाच्या जवळच्या माणसांना काम होतं आणि मानही होता. मांडवडहाळे आणायला भावकीतली, शेजारची पोरं बैलगाडी घेऊन जायची. आंब्याच्या, उंबराच्या, जांभळाच्या फांद्या वाजतगाजत यायच्या, आणि मांडव घालणाऱ्यांना यजमान आग्रहानं जेवू घालायचा. आता मांडव डेकोरेशनवाला घालतो. तरी कामं संपलेली नाहीत. पाहुण्यांना स्टँडवरून आणणं, आचाऱ्याला संपलेलं तेल आणून देणं, लाईट गेली की धावणं, वरातीत म्हाताऱ्यांना सांभाळणं, शेवटच्या पंगतीनंतर भांडी मोजून परत करणं, हे सगळं मित्रच करतात. आणि सत्काराच्या वेळी माईकवरून नाव पुकारून त्यांच्या हातात काय पडतं? टॉवेल, टोपी आणि नारळ.

टॉवेल-टोपीला आम्ही नावं ठेवत नाही. डोक्याला टोपी घातल्याशिवाय माणूस घराबाहेर पडत नव्हता, त्या काळात तो खरा मान होता. पण आज विशी-पंचविशीतला कुठला पोरगा टोपी घालतो? ती टोपी पेटीत जाते आणि पुढच्या लग्नात दुसऱ्याच्या डोक्यावर चढते. आपल्या ब्लाऊजपीसचं जे होतं, तेच त्या टोपीचं. अशी वस्तू गावात फिरत राहते, कुणाच्या उपयोगाला येत नाही आणि पैसे मात्र प्रत्येकाचे जातात.

दुसरीकडं हळदीच्या रात्रीची पार्टी. पोरं नवरदेवाच्या मागं लागतात आणि घरातली बाई गुपचूप पैसे काढून देते. आमच्याच गटात असे २०,००० रुपये कर्जाऊ घेतलेले आहेत, शेकडा दोननं. महिन्याला ४०० रुपये नुसतं व्याज. आणि त्या रात्री पोरं मोटारसायकलवर बसून घरी जातात, तेव्हा सात घरांतल्या सात आया दाराकडं डोळे लावून जाग्या असतात. ही कसली भेट?

तर मैत्रिणींनो, भेट निवडताना पहिली गोष्ट लक्षात ठेवायची. आहेर वेगळा आणि भेट वेगळी. आहेर आपण वहीत लिहितो. कुणी किती दिला ते बघून पुढं तेवढा फेडतो. ती देवाणघेवाण आहे, तीही चालायचीच. पण मित्राला दिलेली भेट वहीत लिहायची नाही. ती त्यानं केलेल्या कामाची आणि त्याच्या सोबतीची आठवण आहे. ती घेताना त्याला फेडायची काळजी वाटली, तर ती भेट न राहता कर्ज होतं. म्हणून फार महागाची वस्तूही नको. गरिबाघरच्या पोराला चांदीचं कडं दिलं, तर आपल्या लग्नात आपण याला काय द्यायचं, हा विचार त्याला झोपू देणार नाही.

आता निवडायचं कसं? आम्ही चार प्रश्न काढलेत. मुलाला समोर बसवा आणि एकेका मित्राचं नाव घेऊन विचारा.

पहिला प्रश्न, यानं आपल्या लग्नात कोणतं काम अंगावर घेतलंय? दुसरा, हा रोज सकाळी उठून काय करतो आणि त्याच्या हाताला कशाची गरज लागते? तिसरा, त्याच्या घरात कोण आहे? तो चार दिवस आपल्याकडं राबला, तेव्हा त्याच्या वाटणीची धार कुणी काढली, पाणी कुणी धरलं? चौथा, ही वस्तू घेताना त्याला संकोच वाटेल का?

हे प्रश्न मुलालाच विचारायचे, हे आम्ही मुद्दाम सांगतोय. घरातली प्रत्येक भेट आईनं किंवा बहिणीनं निवडायची आणि नवरदेवानं नुसती हातात द्यायची, ही सवय मोडायला लग्नाइतका चांगला मुहूर्त नाही. मित्र त्याचे आहेत. त्याला आठवू द्या.

आता काही वस्तू सांगतो. प्रत्येकीची परीक्षा कशी करायची तेही सांगतो.

टोपीच्या जागी आम्हाला सुचलेली पहिली वस्तू म्हणजे हेल्मेट. हसू नका. तेही डोक्यालाच घालायचं आहे. ज्या पोराकडं मोटारसायकल आहे आणि हेल्मेट नाही, त्याला याहून चांगला मान कोणता? पण रस्त्याकडेला मिळणारं हलकं, नुसतं टोपलं घेऊ नका. आयएसआयची खूण आणि तिच्याबरोबर आयएस ४१५१ हा आकडा बघून घ्या. १ जून २०२१ पासून ही खूण नसलेलं दुचाकीचं हेल्मेट बनवायला आणि विकायला देशात बंदी आहे. माप घ्यायचं तर एक दोरा घ्या, भुवयांच्या एक बोट वरून डोक्याभोवती फिरवा आणि तो दोरा दुकानात न्या. हेल्मेट घातल्यावर गालांना घट्ट बसलं पाहिजे. डोकं हलवल्यावर ते मागंपुढं सरकता कामा नये. हनुवटीखालचा पट्टा लावला तरच त्याचा उपयोग. आणि एकदा अपघातात जोरात आपटलेलं हेल्मेट वरून धड दिसलं तरी पुन्हा वापरायचं नाही. त्यामुळं कुणाचं जुनं, वापरलेलं भेट द्यायचं नाही.

दुसरी वस्तू, कपाळाला बांधायची बॅटरी. शेतीपंपाची वीज आठवड्यातले काही दिवस रात्रीची असते. पोरं रात्री बारा-एकला दारं धरायला जातात. एका हातात खोरं, दुसऱ्या हातात मोबाईलचा उजेड, आणि पायाखाली काय आहे ते दिसत नाही. डोक्याला बांधायची बॅटरी असली तर दोन्ही हात मोकळे राहतात आणि उजेड नजरेपुढं पडतो. साप-विंचवाच्या दिवसांत ही वस्तू किती मोलाची, ते रानात राहणाऱ्या बाईला सांगायला नको. घेताना ती चार्ज होणारी आणि पाण्याचे शिंतोडे सोसणारी घ्या. दुकानातच पेटवून बघा आणि पट्टा पक्का आहे ना ते ओढून बघा.

तिसरी, त्याच्या धंद्याचं हत्यार. वायरमन मित्राला चांगल्या मुठीची पक्कड आणि टेस्टर. नळजोडणी करणाऱ्याला पाने. गवंड्याला ओळंबा आणि थापी. ज्याच्या हाताला रोजचं काम आहे, तो वस्तू हातात घेऊनच सांगेल की चांगली आहे की नाही. त्यामुळं निवडताना त्याच धंद्यातल्या एखाद्या जाणत्याला बरोबर न्या. असं हत्यार दहा वर्षं वापरात राहतं आणि हातात घेतलं की लग्नाची आठवण निघते.

चौथी, कोल्हापुरी चप्पल. २०१९ मध्ये तिला भौगोलिक मानांकन मिळालं. आपल्या बाजूचे कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर आणि कर्नाटकातले बेळगाव, धारवाड, बागलकोट, विजापूर असे आठ जिल्हे त्यात आहेत. अस्सल चपलेचं कातडं बाभळीची साल आणि हिरडा वापरून कमावलेलं असतं. ती चामड्याच्या वादीनंच शिवतात, खिळा मारत नाहीत. म्हणून तळ उलटा करून बघा. खिळे दिसले किंवा रबराचा तळ दिसला, तर ती नुसती कोल्हापुरीसारखी दिसणारी चप्पल. वेणी घालण्याचं आणि शिवणीचं पुष्कळसं काम बायकांच्या हातचं असतं, हेही ध्यानात ठेवा. मापासाठी मित्राचा पाय संध्याकाळी कागदावर आखून घ्या, कारण दिवसभरात पाय थोडा सुजतो. देताना सांगा की पावसात घालू नको, भिजली तर सावलीत वाळव आणि अधूनमधून तेलाचा हात फिरव. आणि हो, कुणी कातडं वापरत नसेल, तर ते आधी विचारून घ्या.

पाचवी, पांघरूण. ट्रकवर, टेम्पोवर रात्र काढणाऱ्याला सोलापुरी चादर द्यावी. तिलाही भौगोलिक मानांकन आहे. सुती असते, धुवायला सोपी, वर्षानुवर्षं टिकते. मेंढरामागं किंवा रानात राहणाऱ्याला घोंगडी. अस्सल घोंगडी दख्खनी मेंढीच्या लोकरीची. लोकर कातरायची, पिंजायची, चरख्यावर सूत काढायचं, ते बहुतेक आपल्या धनगर बायकाच काढतात. मग खड्ड्यातल्या मागावर विणायची आणि चिंचोक्याची खळ द्यायची. म्हणून नवी घोंगडी कडक लागते, वापरून मऊ होते. पारख करायची तर कडेचा एक धागा काढून जाळून बघा. केस जळल्यासारखा वास आला आणि राख चुरली, तर लोकर. वितळून कडक गोळी झाली, तर प्लॅस्टिकचा धागा. हाताच्या कामाला वेळ लागतो, तेव्हा घोंगडी हवी असेल तर लग्न ठरल्याबरोबरच सांगून ठेवा.

सहावी भेट दुकानात मिळत नाही. तिचं नाव सावड. आपल्या आयांनी, आज्यांनी सावडीनंच शेती केली. आज तू माझ्या रानात, उद्या मी तुझ्या. मित्रानं चार दिवस लग्नात घातले, तर नवरदेवानं त्याच्या ज्वारीच्या काढणीला दोन दिवस जावं. त्याच्या बहिणीच्या लग्नात वाढप्याचं काम अंगावर घ्यावं. त्याच्या वडिलांना दवाखान्यात नेण्याची एक खेप आपल्याकडं घ्यावी. ज्याच्याकडं पैसा नाही, त्यालाही ही भेट देता येते, आणि घेणाऱ्याला तिचं ओझं होत नाही.

एक गोष्ट रोजंदारीवर जाणाऱ्या मित्राबद्दल. तो लग्नात आला की त्याचा रोज बुडतो. नोंदणी पद्धतीनं लग्न असेल तरी तेच. १९५४ च्या विशेष विवाह कायद्याप्रमाणं लग्न करताना तीन साक्षीदारांच्या सह्या लागतात. आपल्या राज्यात रीतीप्रमाणं झालेल्या लग्नाची नोंद करतानाही तीन साक्षीदार लागतात. बहुतेक वेळा मित्रच तालुक्याला येतात, कागदपत्रं घेऊन दिवसभर बाकावर बसतात. त्यांचं जाणं-येणं आणि जेवण हा आपला खर्च, तो भेटीत धरायचा नाही. पण बुडालेल्या रोजाचे पैसे त्याच्या हातावर ठेवले, तर तो मित्राचा गडी होतो. त्याला ते लागतं. त्यापेक्षा त्याच्या घरात लागणारी वस्तू द्या. मुलीची शाळेची बॅग, आईसाठी चांगली चादर, घरात पन्नास किलो ज्वारी. आई घरात एकटी असताना तिनं मुलाला चार दिवस सोडलं, तर भेट तिचीही आहे. "काकू, हे तुमच्यासाठी," असं म्हणून नवरदेवानं तिच्या घरी जाऊन द्यावं.

आता काय देऊ नये तेही सांगतो. नवरा-नवरीचा फोटो आणि तारीख छापलेला कप, घड्याळ, फोटोफ्रेम देऊ नका. ती आपली आठवण झाली, त्याची नव्हे. लग्नाचे फोटो द्यायचे तर तो मित्र ज्यात काम करताना दिसतोय, असा एक फोटो काढून द्या. दारू आणि दारूच्या बाटलीच्या आकाराच्या वस्तू नकोत. ज्याचं व्यसन सुटावं म्हणून त्याची बायको देव पाण्यात ठेवून बसलीय, त्याला तुम्ही मांडवातून बाटली देऊन पाठवणार का? आणि अंदाजानं घेतलेले शर्ट-बूट नकोत. मापात बसले नाहीत, तर पुन्हा पेटीतच.

सगळ्यांना एकसारखंच द्यायचं का, हा प्रश्न आमच्या बैठकीत फार गाजला. काहीजणी म्हणाल्या, वेगवेगळं दिलं तर पोरं तुलना करतात. त्यात तथ्य आहे. म्हणून आम्ही असं ठरवलं की किंमत साधारण सारखी ठेवायची आणि वस्तू माणूस बघून द्यायची. हिशेब करून दाखवतो. सातजणांचे त्या कपड्यांचे २८०० प्रमाणं १९,६०० रुपये होतात. तेच जर माणशी १२०० रुपये धरून भेटी घेतल्या, तर ८४०० रुपयांत सातजणांचं होतं. म्हणजे ११,२०० रुपये गावातच राहिले. शिवाय हा खर्च नवरदेवाकडचा, मित्रांच्या खिशातला नव्हे. तेवढंही जमत नसेल तर माणशी ३०० रुपयांचं करा. गुळाची ढेप, शेंगदाणे आणि घरची चटणी कापडी पिशवीत बांधून द्या आणि जोडीला सावड धरा. कर्ज काढून भेट द्यायची नाही, हे मात्र पक्कं.

आणि कपडे एकसारखे हवेच असतील तर? पोरांची हौस आहे, आपण मोडायची नाही. मग नियम एवढाच की ज्याची कल्पना, त्याचा खर्च. नवरदेवाला परवडत असेल तर त्यानं सगळ्यांचे घ्यावेत. परवडत नसेल तर एकाच रंगाचं उपरणं किंवा फेट्याचं कापड घ्यावं, खाली ज्याचा त्याचा धुतलेला पांढरा शर्ट. फोटोत तेही शोभून दिसतं. पण "ज्याचे त्यानं भरा" असं चारचौघांत म्हणायचं नाही. नाही म्हणायची सोय ज्याला नसते, तोच गप्प बसतो.

आता भेट द्यायची कधी आणि कशी? सत्काराच्या गर्दीत नको. तिथं पन्नास नावं पुकारली जातात, त्यांतली दहा चुकतात, आणि घेणाऱ्याचं लक्ष घाटावरून आलेल्या पाहुण्यांच्या पाण्याकडं असतं. आम्हाला वाटतं, पूजेचा दिवस चांगला. घर शांत झालेलं असतं. लग्नात या पोरांनी सगळ्यांना वाढलं आणि स्वतः शेवटी, गार झालेलं खाल्लं. त्या दिवशी त्यांची पहिली पंगत बसवा आणि नवरा-नवरीनं दोघांनी मिळून वाढा. नवी सून प्रत्येकाचं नाव शिकेल. पुढं रात्री-अपरात्री अडचण आली, तर तिला कुणाला हाक मारायची हे कळेल. जेवणं झाली की नवरदेवानं एकेकाला भेट द्यावी आणि त्यानं काय केलं ते एका वाक्यात बोलावं. "आण्णांना चक्कर आली तेव्हा तू गाडी काढलीस." एवढंच. बोलायला लाजत असेल तर चिठ्ठीवर दोन ओळी लिहून पिशवीत घालाव्यात. आम्ही गटात चौकशी केली तेव्हा एकीच्या नवऱ्यानं वीस वर्षांपूर्वीची अशी चिठ्ठी पाकिटातून काढून दाखवली. तेव्हा मिळालेला टॉवेल कुठं गेला, ते त्याला आठवत नव्हतं.

आणि मैत्रिणींनो, हाच न्याय आपल्या बायकांनाही लावा. डाळ भरडायला आलेल्या शेजारणी, हळद दळणाऱ्या, रात्रभर जागून बुंदी वळणाऱ्या, करा घेऊन उभी राहणारी करवली, आणि सगळ्यात शेवटी भांडी घासणारी मावशी. ब्लाऊजपीसवर त्यांची बोळवण करू नका. त्यांनाही तेच चार प्रश्न लावून बघा.

आता आमच्या मैत्रिणीच्या घरी पुढं काय झालं ते सांगून थांबतो.

गिरणीतून आल्यावर तिनं मुलाला सगळं सांगितलं. तो बराच वेळ काही बोलला नाही. मग म्हणाला, "आई, पैसे भरा असं मीच म्हणालो होतो गं." त्याला वाटलं, आता एक जाकीट विकत घेऊन त्याला द्यावं. आईनं ते करू दिलं नाही. म्हणाली, "जे त्याच्याकडं नव्हतं, तेच पुन्हा त्याच्या डोळ्यापुढं नाचवू नकोस." माघात ज्वारी काढणीला आली, तेव्हा नवरदेव न सांगता त्या मित्राच्या रानात जाऊन उभा राहिला. बरोबर नवी सूनही होती, भाकरी बांधून घेऊन. दोन दिवस त्यांनी ज्वारी उपटली. पहिल्या दिवशी दोघं मित्र एकमेकांशी कामापुरतंच बोलले. दुसऱ्या दिवशी दुपारी जेवताना त्या पोराची आई म्हणाली, "लग्नातली बुंदी आमाला न्हाई मिळाली बरं का." आणि सगळे हसले. त्याच आठवड्यात आमच्या मैत्रिणीनं घाणा काढला, बुंदी पाडली आणि डबा भरून स्वतः नेऊन दिला. जाताना कपाळाला बांधायची एक बॅटरीही नेली. तो पोरगा रात्रीचं पाणी धरतो, हे सुनेनं त्या दोन दिवसांत बघितलं होतं.

लग्नाच्या फोटोत तो नाही. ते आता बदलत नाही. आमची मैत्रीण म्हणते, धाकट्याच्या लग्नात पहिली पंगत त्याची.

तुमच्या घरी यंदा लग्न असेल, तर आज रात्री मुलाला जवळ बसवा आणि कागदावर त्याच्या मित्रांची नावं लिहायला सांगा. नावापुढं प्रत्येकाचं काम लिहायला सांगा. दुकानात जायचं ते त्यानंतर. तुम्ही कुणाला काय दिलंत, ते आम्हाला केंद्रावर येऊन किंवा पत्रानं नक्की कळवा. पुढच्या भागात लग्नाच्या मांडवात उरलेल्या अन्नाचं काय करायचं, यावर बोलू. तोवर नमस्कार.